फ्रॉगलाइट (माइनक्राफ्ट)

फ्रॉगलाइट हा माइनक्राफ्ट या मुक्त रचनेच्या संगणकीय खेळातील प्रकाश देणारा शोभेचा ठोकळा आहे. पिवळसर, हिरवट आणि मोतिया-जांभळट अशा तीन रंगछटांत तो मिळतो. हा ठोकळा खाणीत सापडत नाही आणि घडणीच्या चौकटीवर कोणत्याही साहित्यापासून तयारही करता येत नाही. खेळातील बेडकाने मॅग्मा क्यूब नावाच्या प्राण्याचे सर्वांत लहान पिल्लू गिळले, की त्या जागी एक फ्रॉगलाइट पडतो. साध्या जगण्याच्या पद्धतीत तो मिळवण्याचा हा एकच मार्ग आहे. त्यामुळे ज्याला आपले घर या दिव्यांनी उजळायचे आहे, त्याला आधी बेडकाचा स्वभाव जाणून घ्यावा लागतो.

७ जून २०२२ रोजी आलेल्या १.१९ या आवृत्तीत, म्हणजे ‘द वाइल्ड अपडेट’मध्ये, बेडूक आणि फ्रॉगलाइट दोन्ही एकाच वेळी खेळात दाखल झाले. जावा आणि बेडरॉक या दोन्ही प्रकारांना ही आवृत्ती एकाच दिवशी मिळाली.

नाव

‘फ्रॉग’ म्हणजे बेडूक आणि ‘लाइट’ म्हणजे उजेड, असा हा सरळ जोडशब्द आहे. मराठीत त्यासाठी रूढ प्रतिशब्द नाही. ‘बेडूकदिवा’ हा शब्द कानाला बरा लागतो, पण खेळणारी मुले मूळ नावच वापरतात, म्हणून या लेखातही तेच ठेवले आहे. तीन प्रकारांची मूळ नावे अशी: ओकर (गेरूसारखी पिवळसर छटा), व्हर्डंट (कोवळ्या पालवीचा हिरवा) आणि पर्लेसंट (मोत्याच्या शिंपल्याच्या आतल्या बाजूस दिसते तशी फिकट जांभळी झाक).

पार्श्वभूमी

माइनक्राफ्ट हा स्वीडनमधील मोजांग या संस्थेचा खेळ आहे. मार्कस पर्सन यांनी तो २००९ साली प्रथम लोकांपुढे ठेवला. १८ नोव्हेंबर २०११ रोजी त्याची पूर्ण आवृत्ती प्रसिद्ध झाली आणि २०१४ साली मायक्रोसॉफ्टने मोजांग विकत घेतली. या खेळात जिंकणे-हरणे दुय्यम आहे. ठोकळ्यांच्या अमर्याद जगात खणावे, बांधावे, पेरावे, पाळावे आणि त्यातून आपल्याला हवे ते उभारावे, हा त्याचा गाभा आहे.

बेडकांची कथा २०१९ पासून सुरू होते. त्या वर्षी कोणत्या भूप्रदेशाची सुधारणा आधी करावी, यावर खेळाडूंचे मत घेण्यात आले. पर्वत, दलदल आणि लाल मातीचे ओसाड पठार असे तीन पर्याय होते. कौल पर्वतांना मिळाला आणि त्यांच्याबरोबर शेळ्या आल्या. दलदलीबरोबर येणारे बेडूक, खारफुटीची झाडे आणि पेटी बसवलेली होडी मागे राहिली. ऑक्टोबर २०२१ मधील वार्षिक कार्यक्रमात मोजांगने या तिन्ही गोष्टी पुन्हा जाहीर केल्या आणि पुढच्या वर्षी त्या खेळात आल्या.

जाहीर झाले तेव्हा बेडकाचे खाद्य वेगळे होते. दलदलीवर रात्री चमकणारे काजवे असतील आणि बेडूक ते टिपून खातील, अशी मूळ योजना होती. ती रद्द करण्यात आली, कारण काही जातींचे काजवे बेडकांना प्रत्यक्षात विषारी असतात. काही काजव्यांच्या शरीरात ल्युसिब्युफॅजिन नावाची संयुगे असतात आणि ती बेडूक-सरड्यांसारख्या भक्षकांना अपाय करतात. खेळ पाहून एखाद्या मुलाने घरी पाळलेल्या बेडकाला काजवा भरवला, तर प्राणी दगावू शकतो. काजवे वगळण्यात आले आणि बेडकाच्या आहारात चिकट स्लाइम व जळता मॅग्मा क्यूब हे दोन काल्पनिक प्राणी उरले. वास्तवात कोणत्याही मुलाला हे दोन भरवता येणार नाहीत.

ही खबरदारी नवी नव्हती. २०१७ साली १.१२ या आवृत्तीत पोपट आले, तेव्हा चाचणीच्या काळात त्यांना चॉकलेटचे तुकडे असलेले बिस्किट देऊन माणसाळवता येत असे. चॉकलेट पोपटांना घातक असते, हे खेळाडूंनी लक्षात आणून दिले. मग पोपटांना बिया आवडू लागल्या आणि बिस्किट खाल्ले की पोपट मरतो, असा नियम करण्यात आला. खेळातील प्राण्याचे वर्तन ठरवताना पडद्याबाहेरच्या प्राण्याचाही विचार करावा लागतो, हे या दोन प्रसंगांतून स्पष्ट होते. पुढे २०२५ मध्ये काजवे खेळात आले, पण एका झुडपाभोवती चमकणाऱ्या ठिपक्यांच्या रूपात. ते कोणी खाऊ शकत नाही.

चाचणीच्या काळातला आणखी एक प्रकार खेळाडूंना आठवतो. एका प्रायोगिक आवृत्तीत बेडूक चक्क शेळ्या गिळू लागले होते. ती संगणकीय संहितेतील चूक होती आणि ती लवकरच दुरुस्त झाली. जिभेने शेळी ओढून घेणारा बेडूक मात्र त्या दिवसांत बराच गाजला.

बेडकाचे वर्तन

फ्रॉगलाइट मिळवण्याची सगळी रीत बेडकाच्या तीन सवयींवर उभी आहे: तो काय खातो, कोठे वाढतो आणि कशाच्या मागे येतो.

बेडूक लहान आकाराचे स्लाइम आणि लहान आकाराचे मॅग्मा क्यूब खातो. भक्ष्य टप्प्यात आले की तो जीभ फेकतो आणि भक्ष्य एका क्षणात नाहीसे होते. स्लाइम खाल्ल्यास मागे चिकट गोळा पडतो आणि मॅग्मा क्यूब खाल्ल्यास फ्रॉगलाइट. मध्यम आणि मोठ्या आकाराच्या प्राण्यांकडे तो लक्ष देत नाही. खऱ्या बेडकाची जीभ तोंडाच्या पुढच्या टोकाशी जोडलेली असते आणि म्हणूनच ती झटक्याने बाहेर फेकता येते. खेळाच्या चित्रकारांनी ही हालचाल चांगली पकडली आहे.

बेडकाचे तीन प्रकार आहेत: समशीतोष्ण प्रदेशातील नारिंगी, उष्ण प्रदेशातील पांढुरका आणि शीत प्रदेशातील हिरवा. फ्रॉगलाइटचा रंग मॅग्मा क्यूबवर अवलंबून नसतो, तो खाणाऱ्या बेडकावर ठरतो. नारिंगी बेडकापासून ओकर, पांढुरक्यापासून पर्लेसंट आणि हिरव्यापासून व्हर्डंट फ्रॉगलाइट मिळतो. नवशिक्या खेळाडूंची फसगत बहुधा येथेच होते. नारिंगी बेडकाकडून पिवळा दिवा मिळेल हे सहज सुचते, पण पांढुरक्या बेडकाकडून जांभळट दिवा मिळेल, हे सांगितल्याशिवाय कळत नाही.

बेडकाचा प्रकार आईबापांवरून ठरत नाही, हा या विषयातला सर्वांत रंजक भाग आहे. बेडूकमासा ज्या प्रदेशात वाढून बेडूक होतो, त्या प्रदेशाप्रमाणे त्याचा रंग ठरतो. दोन नारिंगी बेडकांचे पिल्लू वाळवंटात वाढवले तर ते पांढुरके होईल आणि बर्फाळ मैदानात वाढवले तर हिरवे. वाळवंट, सवाना, जंगल, लाल पठार, खारफुटीची दलदल आणि उष्ण समुद्र हे उष्ण गटात येतात. हिमाच्छादित मैदाने, बर्फाची शिखरे आणि गोठलेले समुद्र व नद्या शीत गटात येतात. उरलेले बहुतेक प्रदेश समशीतोष्ण धरले जातात. खेळाने आनुवंशिकतेपेक्षा परिसराला दिलेले हे महत्त्व जीवशास्त्राच्या काटेकोर कसोटीला उतरणार नाही, पण त्यामुळे खेळाडूला प्रवास करावा लागतो, आणि खेळाच्या दृष्टीने तेच हवे आहे.

नैसर्गिकरीत्या बेडूक फक्त साध्या दलदलीत आणि खारफुटीच्या दलदलीत आढळतात. पहिल्या ठिकाणी नारिंगी आणि दुसऱ्या ठिकाणी पांढुरके. हिरवा बेडूक आपोआप कोठेही दिसत नाही. तो वाढवावाच लागतो.

पैदास आणि वाहतूक

बेडकाला चिकट गोळा आवडतो. खेळाडूने तो हातात धरला की बेडूक मागे येतो. जवळच्या दोन बेडकांना एकेक गोळा भरवला की त्यांची जोडी जमते, मग त्यांतील एक पाण्याचा शोध घेतो आणि पाण्याच्या पृष्ठभागावर अंडी घालतो. ही अंडी उचलून नेता येत नाहीत, हात लावला तर ती नष्ट होतात. काही मिनिटांनी त्यांतून बेडूकमासे बाहेर पडतात. बेडूकमासा पूर्ण वाढायला २० मिनिटे घेतो, म्हणजे खेळातला एक दिवस. चिकट गोळे भरवले तर हा काळ कमी होतो.

चिकट गोळे स्लाइमपासून मिळतात आणि स्लाइम दलदलीत रात्री निघतात. तेथे त्यांची संख्या चंद्राच्या कलेवर अवलंबून असते: पौर्णिमेला सर्वाधिक, अमावस्येला एकही नाही. अमावस्येच्या रात्री दलदलीत गोळे शोधायला जाणाऱ्याचा वेळ फुकट जातो.

बेडूकमासा पाण्याच्या बादलीत पकडता येतो. बादलीत असेपर्यंत त्याची वाढ थांबते, त्यामुळे दलदलीत पकडलेला बेडूकमासा कितीही दूरच्या बर्फाळ प्रदेशात नेऊन सोडता येतो. तेथे सोडताना दोन गोष्टी पाहाव्या लागतात. बर्फाळ प्रदेशात उघडे पाणी गोठते, म्हणून डबक्यावर छप्पर घालावे किंवा शेजारी दिवा ठेवावा. शिवाय अ‍ॅक्सोलोटल हा जलचर बेडूकमाशांची शिकार करतो, म्हणून दोघांना एका तळ्यात ठेवू नये. पाण्याबाहेर पडलेला बेडूकमासा तडफडून मरतो.

मोठा झालेला बेडूक बादलीत मावत नाही. त्याला दोरी बांधून, होडीत बसवून किंवा गोळ्याचे आमिष दाखवून न्यावे लागते. तिन्ही प्रकारच्या बेडकांना दोरी बांधली की खेळात एक मानाची नोंद मिळते, बेडूकमासा बादलीत पकडल्याबद्दल एक आणि तिन्ही फ्रॉगलाइट जमवल्याबद्दल आणखी एक. शेवटच्या नोंदीचे नाव ‘विथ अवर पॉवर्स कम्बाइन्ड!’ असे आहे.

मॅग्मा क्यूब आणि नेदर

अडचण अशी, की बेडूक ओव्हरवर्ल्डच्या दलदलीत राहतो आणि मॅग्मा क्यूब नेदर नावाच्या पाताळसदृश जगात. दोघांची गाठ आपोआप पडत नाही. ती घालून देणे हेच खेळाडूचे काम.

मॅग्मा क्यूब मोठा, मध्यम आणि लहान अशा तीन आकारांत असतो. मोठा मारला की त्याचे २ ते ४ मध्यम तुकडे होतात आणि प्रत्येक मध्यम तुकड्याचे पुन्हा २ ते ४ लहान. म्हणजे एका मोठ्या मॅग्मा क्यूबपासून किमान ४ आणि जास्तीत जास्त १६ फ्रॉगलाइट मिळू शकतात, अर्थात एकही लहान पिल्लू वाया गेले नाही तर. लहान पिल्लाचा जीव फक्त एका अंकाचा असतो, तलवारीचा ओझरता फटकाही त्याला पुरतो. जावा प्रकारात तलवार फिरवली की आजूबाजूच्या सगळ्यांना इजा होते, म्हणून अनुभवी खेळाडू या कामासाठी कुऱ्हाड पसंत करतात. खेळाडूच्या हातून मेलेल्या लहान मॅग्मा क्यूबपासून फ्रॉगलाइट पडत नाही. लहान स्लाइम निरुपद्रवी असतो, लहान मॅग्मा क्यूब मात्र चावतो, हेही लक्षात ठेवावे.

मॅग्मा क्यूब नेदरमधील बसाल्टच्या खडकाळ त्रिभुज प्रदेशात विपुल असतात. किल्ल्यांच्या आसपासही ते आढळतात. ‘शांत’ काठिण्यपातळीवर हे प्राणी निर्माणच होत नाहीत, त्यामुळे त्या पातळीवर फ्रॉगलाइट नव्याने मिळवता येत नाही.

नेदरमध्ये बादलीतले पाणी ओतताच वाफ होऊन जाते. म्हणून बेडूकमासा तेथे नेऊन वाढवण्याचा विचार सोडून द्यावा. बेडूक ओव्हरवर्ल्डमध्येच हव्या त्या प्रदेशात वाढवायचा आणि मोठा झाल्यावर द्वारातून पलीकडे न्यायचा, हा रुळलेला क्रम आहे. दुसरा मार्ग उलट दिशेचा: मॅग्मा क्यूब स्वतः द्वारातून इकडे येतात, तेव्हा द्वाराच्या या बाजूला बेडूक बसवून ठेवायचे. हा मार्ग बेडकांना सुरक्षित आहे, पण त्यात वाट पाहावी लागते.

बेडूक अग्निरोधक नाही. बसाल्टच्या प्रदेशात जागोजागी लाव्हाची डबकी असतात आणि बेडकाची उडी उंच असते. तीन प्रदेशांतून खपून वाढवलेला हिरवा बेडूक एका उडीत लाव्हात जाणे, हे या उद्योगातले नेहमीचे नुकसान आहे. त्यामुळे बेडकांसाठी चारही बाजूंनी बंद आणि वरून झाकलेला हौद आधी बांधावा, प्राणी नंतर आणावेत. उंचावरून पडण्याची इजा बेडकाला इतरांपेक्षा कमी होते, एवढी एक सवलत त्याला आहे.

मोठ्या प्रमाणावर उत्पादन

एखाद-दुसरा दिवा हवा असेल तर वरील रीत पुरते. मोठ्या वाड्यासाठी शेकडो ठोकळे लागतात, तेव्हा खेळाडू स्वयंचलित यंत्रणा उभारतात. तिला खेळाच्या बोलीत ‘फार्म’ म्हणतात. या यंत्रणांचे आराखडे वेगवेगळे असले तरी त्यांचे तत्त्व एकच आहे: दोन प्राण्यांच्या सवयी एकमेकींत अडकवायच्या.

मॅग्मा क्यूब लोखंडी गोलेमला शत्रू मानतो आणि त्याच्याकडे उड्या मारत जातो. बसाल्टच्या प्रदेशात एक रुंद चौथरा बांधून मध्यभागी गोलेम उभा केला, तर आसपासचे मॅग्मा क्यूब त्याच्या दिशेने येतात. वाटेत खड्डा ठेवला की ते त्यात पडतात. पडण्याने त्यांना इजा होत नाही, म्हणून त्यांचे तुकडे करण्याची वेगळी सोय करावी लागते. ती खेळाडूच्या हाताने किंवा गोलेमच्या फटक्याने होते. लहान पिल्ले अरुंद फटीतून खालच्या हौदात घसरतात, मोठी वर अडकून राहतात. हौदात बेडूक बसलेले असतात. जमिनीखालची नरसाळी पडलेले फ्रॉगलाइट गोळा करून पेटीत टाकतात.

येथे खेळाडूला फारसे लढावे लागत नाही. गोलेमवरचा राग, पिल्लांचा आकार आणि बेडकाची भूक या तीन गोष्टींचा क्रम लावून दिला की काम चालते. निरीक्षणाला याहून मोठे बक्षीस या खेळात क्वचितच मिळते.

गुणधर्म आणि उपयोग

फ्रॉगलाइट १५ या पातळीचा उजेड देतो. खेळात याहून अधिक उजेड नाही. चकाकणारा दगड (ग्लोस्टोन), समुद्रदीप (सी लँटर्न) आणि भोपळ्याचा दिवा यांचाही उजेड इतकाच आहे. मग इतका खटाटोप कशासाठी, असा प्रश्न कोणी विचारील. एक उत्तर दिसण्यात आहे: मऊ, दुधाळ पृष्ठभाग आणि तीन छटा. दुसरे उत्तर व्यवहाराचे आहे. ग्लोस्टोन फोडला की त्याची भुकटी होते आणि समुद्रदीप फोडला की स्फटिक हाती येतात, ठोकळा जसाच्या तसा परत मिळवायचा तर ‘सिल्क टच’ ही जादू केलेले अवजार लागते. फ्रॉगलाइट नुसत्या हातानेही काढता येतो आणि अखंड परत मिळतो. घर वारंवार मोडून बांधणाऱ्यांना ही मोठी सोय आहे.

ठोकळ्याची रंगछटा वेगळी असली तरी तिन्हींचा उजेड सारखाच, रंगविरहित पडतो. मोतिया फ्रॉगलाइट लावल्याने खोली जांभळी होत नाही. लाकडाच्या ओंडक्याप्रमाणे तो उभा किंवा आडवा ठेवता येतो आणि त्याप्रमाणे त्याच्या बाजूंवरची नक्षी बदलते. उजेड तीव्र असल्याने त्याच्या शेजारचा बर्फ वितळतो, म्हणून बर्फाच्या महालात तो जपून लावावा लागतो. ज्या बर्फाळ प्रदेशात हिरवा बेडूक वाढवावा लागतो, तेथील डबके गोठू नये म्हणून हाच दिवा उपयोगी पडतो.

सर्जनशील पद्धतीत तिन्ही प्रकार सामानाच्या यादीत तयार मिळतात. त्या पद्धतीने खेळणाऱ्यांना बेडकाची ओळख न होताही फ्रॉगलाइट वापरता येतो.

प्राण्यांच्या वर्तनातून मिळणाऱ्या इतर शोभेच्या वस्तू

फ्रॉगलाइट हा या प्रकारचा सर्वांत ठळक ठोकळा असला तरी एकमेव नाही. मेंढी गवत खाल्ल्यावर तिची लोकर पुन्हा उगवते, आणि रंगवलेल्या मेंढीची लोकर त्याच रंगाची येते. १६ रंगांच्या लोकरीचे ठोकळे असे अखंड मिळत राहतात. हिममानव चालताना, प्रदेश फार उष्ण नसल्यास, मागे बर्फाचा थर सोडतो. विदर या राक्षसाने एखादा प्राणी मारला की त्या जागी काळा गुलाब उगवतो, म्हणून काही खेळाडू विदरला मुद्दाम बांधून ठेवून त्याच्यापुढे कोंबड्या सोडतात. वीज पडलेल्या क्रीपरच्या स्फोटात सापडलेल्या झोंबी, सांगाडा किंवा दुसऱ्या क्रीपरचे मुंडके शोभेची वस्तू म्हणून मिळते, पण त्यासाठी आधी वीज पडावी लागते आणि मग स्फोट योग्य जागी व्हावा लागतो. शल्करची गोळी दुसऱ्या शल्करला लागली तर नवा शल्कर निर्माण होऊ शकतो, ही सोय १.१७ या आवृत्तीपासून आहे. त्याच्या शिंपल्यांपासून रंगीत पेट्या बनतात.

२०२३ साली १.२० या आवृत्तीत आलेला स्निफर हा प्राणी जमीन हुंगून टॉर्चफ्लॉवरच्या बिया उकरून काढतो. ‘मशालफूल’ असे नाव असूनही हे फूल उजेड देत नाही. उजेड हवा असेल, तर बेडकाकडेच यावे लागते.